विच हॅट आतेलिए: सीलसकट एक पान टाकाने काढायचं आहे, निब-वर्तुळं-हॅचिंगबद्दल मदत हवी

तिरकी_रेघ

कामोमे शिराहामा यांच्या 'विच हॅट आतेलिए' या मांगावर (जपानी कॉमिक मालिकेवर) एक पानाचं फॅन-कॉमिक करायचं आहे. टॅबलेटवर नको, टाक आणि शाईनेच. या मालिकेत जादू म्हणजे शाईने काढलेली आकृती, तिलाच सील म्हणतात, मग पानही तसंच व्हायला हवं.

पान ए-४, उभं. चौकटी चार:
पहिली: जादू शिकणारी कोको टेबलावर वाकून सील काढते आहे.
दुसरी: सीलचा क्लोज-अप, वर्तुळ जुळायला जरासं बाकी.
तिसरी: वर्तुळ जुळतं आणि पाणी उसळतं.
चौथी: तिचा गुरू किफ्री दारात उभा.
संवाद मराठीत.

हाताशी आहे ते: जी-निब (दाबाप्रमाणे रेघ जाड-बारीक करणारी टाकाची निब), साधा होल्डर, वॉटरप्रूफ काळी ड्रॉइंग इंक, कार्ट्रिज पेपर आणि शाळेची कंपासपेटी.

अडतंय ते असं. नवीन निबला शाई धरत नाही, थेंब होऊन एकदम ओघळते. रेघेला दोन्ही बाजूंनी केस फुटतात. वर्तुळ जिथे सुरू होतं तिथेच संपवलं की गाठ येते. दाट हॅचिंग (समांतर रेघांनी भरलेली सावली) मोबाइलवर पाहिलं तर राखाडी डाग दिसतो. आणि फुग्यात मराठी वाक्य मावत नाही. एकेका मुद्द्यावर उत्तर दिलं तरी चालेल.

---

शाईची_दौत

निब, कागद आणि शाईचं मी सांगतो, वर्तुळांवर दुसरं कोणी लिहील.

नवीन निब गंजू नये म्हणून कारखान्यातून निघतानाच तिच्यावर तेलाचा पातळ थर असतो. तेलावर शाई पसरत नाही, म्हणून थेंब जमतो आणि वजन वाढलं की सुटतो. भांड्यांच्या साबणाचा एक थेंब बोटावर घेऊन निब दोन्ही बाजूंनी चोळा, कोमट पाण्याने धुवा, सुती कापडाने लगेच कोरडी करा. काडीच्या ज्योतीवर धरण्याचा उपायही सांगतात. एखादा सेकंद ठीक आहे, पण त्याहून जास्त धरली तर पोलादाचं पाणी उतरतं. मग दाब दिल्यावर फाकलेली टोकं परत जुळत नाहीत आणि प्रत्येक रेघ दुहेरी येते. साबणात तो धोका नाही.

निब बुडवताना मधलं भोक जेमतेम झाकेल इतकीच बुडवा. बाहेर काढली की दौतीच्या काठाला हलकेच टेकवून जादा थेंब उतरवा. होल्डरपर्यंत बुडवली तर शाई खोबणीत साठते आणि भलत्याच क्षणी पानावर उतरते. दर दहाएक मिनिटांनी ओल्या कापडाने पुसा. भोकात वाळलेला थर साचला की शाई अडते आणि आपण उगाच दाब वाढवत बसतो.

केस फुटण्याचं कारण बहुतेक कागद. कार्ट्रिज पेपरला दाणा असतो. पेन्सिलीला तो हवाच, पण निबची टोकं त्याचे तंतू उचकटतात आणि शाई तंतूंतून पळते. मांगाच्या मूळ पानांसाठी जपानमध्ये जो खास कागद मिळतो तो गुळगुळीत आणि घट्ट असतो. पाकिटावर ११० किलो किंवा १३५ किलो लिहिलेलं दिसेल. ते रिमचं वजन. आपल्या हिशेबात साधारण १२८ आणि १५७ जीएसएम (चौरस मीटरला ग्रॅम). आपल्याकडे त्याच्या सगळ्यात जवळचं म्हणजे गुळगुळीत ब्रिस्टल, नाहीतर स्टेशनरीच्या दुकानातली २०० जीएसएमच्या वरची आयव्हरी शीट. आयव्हरीची एक बाजू बऱ्याचदा जास्त तुकतुकीत असते. कोपऱ्यात दोन्ही बाजूंना पाच-पाच रेघा ओढून बघा, ज्या बाजूला केस येत नाहीत ती वर ठेवा.

कागद बदलूनही केस आले तर हाताची दिशा बघा. निब ओढायची असते, ढकलायची नसते. वरच्या दिशेने ढकलली की टोक कागदात रुततं, सुटताना शिंतोडे उडतात. हात वाकडा करण्यापेक्षा कागद फिरवा.

जी-निब दाबाला चांगला प्रतिसाद देते, म्हणून आकृत्यांच्या बाहेरच्या रेघा, टोपीचा काठ, चुण्या तिच्याने काढा. केस, डोळे, हॅचिंग आणि सीलमधली बारीक चिन्हं यांसाठी मारू निब घ्या, तिलाच मॅपिंग निब म्हणतात. तिचा मागचा भाग बारीक नळीसारखा असतो, तो जी-निबच्या साध्या होल्डरमध्ये बसत नाही. दोन्ही निबा बसणारा होल्डर मिळतो, विकत घेताना तोच मागा.

पावसाळ्यात कागद हवेतला ओलावा पितो आणि चांगली आयव्हरीसुद्धा शाई फोडायला लागते. शीट्स प्लास्टिकच्या पिशवीत सिलिका जेलच्या पुड्यांसोबत ठेवा, लागेल तेवढी एकच काढा. हाताखाली कोरा कागद हवाच. तळहाताचा घाम आणि तेल लागलेल्या जागी शाई बसत नाही.

शाई दाट झाली असेल तर बाटलीत पाणी ओतू नका. छोट्या झाकणात चमचाभर शाई काढा, त्यात डिस्टिल्ड वॉटरचे दोन-तीन थेंब टाका. फाउंटन पेनची शाई मात्र या कामाला नको. ती रंगद्रावणाची असते, खोडरबर फिरवला की फिकी पडते, वर पांढरा रंग लावला तर त्यातून जांभळट डोकावते.

---

त्रिज्या

वर्तुळ काढण्याआधी ते या गोष्टीत काय काम करतं ते पक्कं करा. दुसरी आणि तिसरी चौकट त्यावरच उभी आहे.

सीलचे भाग तीन. मध्यभागी मुख्य चिन्ह, ते आग, पाणी, वारा यांतलं काय ते ठरवतं. त्याच्याभोवती खुणा, ती गोष्ट कुठल्या दिशेने, कुठल्या रूपात, किती जोरात वागेल ते त्या ठरवतात. आणि बाहेरून सगळ्याला वेढणारं वर्तुळ. ते जुळेपर्यंत काही घडत नाही, जुळलं की त्याच क्षणी जादू सुरू. उडणाऱ्या बुटांची कल्पना यावरच बेतलेली आहे: अर्धं सील एका बुटावर, अर्धं दुसऱ्यावर, बूट एकमेकांना टेकले की वर्तुळ पूर्ण. शिराहामांनी जादूचा नियम इतका साधा ठेवला की वाचक तो डोळ्यांनी तपासू शकतो. ही मालिका मला इतर जादूशाळांच्या गोष्टींपेक्षा वरची वाटते ती यासाठी. शाळा म्हणावी तर एका घरात चार मुली आणि एक गुरू, आणि शिक्षण म्हणजे दिवसभर रेघ सुधारणं.

फॅन-आर्टमध्ये नेमकी इथेच चूक सापडते. पात्र शांतपणे लिहीत बसलेलं असतं आणि कागदावरचं वर्तुळ मात्र पूर्ण जुळलेलं. मालिका वाचलेल्या माणसाला ते लगेच खटकतं. तुमच्या पहिल्या दोन चौकटींत फट दिसलीच पाहिजे, आणि मोबाइलवर दिसली पाहिजे. ए-४ची २१० मिमी रुंदी १०८० पिक्सेलमध्ये आली तर एका मिलिमीटरला सुमारे पाच पिक्सेल मिळतात. दोन मिमीची फट दहा पिक्सेलची, नजरेतून सहज निसटेल. चार मिमी ठेवा.

फट कुठे? उजव्या हाताने लिहिणारी व्यक्ती असेल तर हात खालून उजवीकडून येतो. घड्याळात चार वाजतात त्या जागी फट ठेवली तर लेखणीचं टोक तिथे टेकतं आणि बोटांनी सील झाकलं जात नाही. बारा वाजताच्या जागी ठेवली तर हात पूर्ण चिन्हावर आडवा येतो.

आता आखणी. दुसऱ्या चौकटीसाठी बाहेरचा व्यास ८० मिमी घ्या. दुहेरी रेघ हवी असेल तर आतली ७६ला. मधल्या चिन्हासाठी २४ मिमीचं वर्तुळ फक्त पेन्सिलीने. सहा खुणा हव्या असतील तर कंपास बाहेरच्या त्रिज्येइतकाच उघडा ठेवून परिघावर टप्पे टाका, सहा बरोबर बसतात. आठ हव्या असतील तर दोन काटकोनी व्यास काढून कोन दुभागा. पेन्सिल २एच, हात हलका. खोल चर पडली तर निब तिच्यात घसरते.

गोष्टीत वर्तुळ शेवटी जुळतं, कागदावर मात्र ते सगळ्यात आधी शाईत घ्या. एक तर बिघडण्याची शक्यता तिथेच जास्त, आणि आधी बिघडलं तर फक्त एक वर्तुळ वाया जातं. दुसरं, मधलं चिन्ह आधी शाईत काढलं तर कंपासचं टोक त्याच्यावरच रोवावं लागतं, पापुद्रा उचकटतो. केंद्रावर मास्किंग टेपचे दोन थर देऊन छोटा चौकोन चिकटवा, त्यावर टोक रोवा. भोक पडत नाही आणि दुसऱ्या वर्तुळासाठी केंद्र हलत नाही.

शाळेच्या कंपासला शाईचं काम जमत नाही. इंजिनिअरिंग ड्रॉइंगच्या पेटीत रुलिंग पेनचा जोड असतो, तो मागा. दोन पात्यांमधली फट स्क्रूने बाहेरच्या रेघेला अर्ध्या मिलिमीटरच्या आत, आतल्या रेघेला त्याच्या निम्मी. शाईत बुडवायचं नाही. ड्रॉपरने किंवा टाकाच्या निबने पात्यांच्या मध्ये शाई सोडायची, उंची ५ मिमीच्या वर नको. जास्त भरली की टेकवताच थेंब सुटतो, फार कमी भरली तर पाऊण वर्तुळातच संपते. पात्यांच्या बाहेरच्या बाजू पुसा, नाहीतर पहिल्या स्पर्शात डाग. कंपासचा गुडघा वाकवून दोन्ही पाती कागदाला सरळ टेकतील असं करा. एकच पातं टेकलं तर रेघेची एक कड खरखरीत येते. पाय धरून ढकलू नका. वरची मूठ अंगठा आणि तर्जनीत धरून, फिरण्याच्या दिशेला किंचित कलवून, एकाच वेगात फिरवा.

तुमची गाठ येते ती थांबल्यामुळे. हात थांबला तरी शाई वाहत राहते. पूर्ण वर्तुळ काढताना सुरुवातीच्या जागेच्या ५ मिमी पुढे जा आणि हात फिरता असतानाच उचला. दुसऱ्या चौकटीत तर हा प्रश्नच नाही, सुरुवात आणि शेवट फटीच्या दोन टोकांना येतो.

एक शेवटचं. कंपासची रेघ फार यांत्रिक दिसते, आणि कोको तर हाताने काढते आहे. म्हणून कंपासने बारीक रेघ घ्या, वाळू द्या, मग जी-निबने तिच्या बाहेरच्या कडेला मोकळ्या हाताने जाडी द्या, कुठे थोडी जास्त, कुठे कमी. आतली कड अचूक राहते आणि बाहेरची जिवंत.

---

तिरकी_रेघ

फट चार वाजताच्या जागी, हे लक्षात आलं. पहिल्या चौकटीत सील टेबलावर आडवं आहे, म्हणजे लंबवर्तुळ. त्यात खुणा समान अंतरावर घेतल्या तर वाकड्या दिसतात. आणि रुलिंग पेन नाही मिळाला तर फाइनलायनर (बारीक टोकाचं पेन) बसवायचा कंपास चालेल का?

---

त्रिज्या

खुणा समान अंतरावर घेतल्या म्हणूनच वाकड्या दिसतात. दूरची बाजू आकसते, जवळची पसरते.

आधी टेबलाच्या पातळीत चौकोन काढा, त्याच्या बाजू टेबलाच्याच अदृश्य बिंदूकडे (मागे जाणाऱ्या समांतर रेघा जिथे भेटताना दिसतात तिकडे) जाऊ देत. कर्ण काढा. कर्ण छेदतात ते सीलचं खरं केंद्र, मधलं चिन्ह तिथे येतं. लंबवर्तुळाचा स्वतःचा मध्य त्याच्या थोडा खाली, म्हणजे बघणाऱ्याच्या जवळ पडतो. हे दोन बिंदू एकच धरले की चिन्ह घसरल्यासारखं दिसतं.

केंद्रातून चौकोनाच्या मध्यरेषा काढा. त्या चार बाजूंना जिथे भेटतात ते चार बिंदू. आता पुढच्या कडेच्या मध्यापासून दोन्हीकडे, अर्ध्या कडेच्या सात-दशांश अंतरावर खुणा करा, तिथून अदृश्य बिंदूकडे रेघा न्या. त्या कर्णांना जिथे छेदतात ते आणखी चार. आठ बिंदूंतून लंबवर्तुळ सहज जातं, आणि आठ खुणांच्या जागाही तयार मिळतात. खुणा सहाच असतील तर बाजूला वरून दिसणारं सील काढून त्यावर आणि या चौकोनावर सारखीच जाळी आखा, एकेक घर बघून उतरवा. दुहेरी रेघ असेल तर पट्टा डावी-उजवीकडे सगळ्यात रुंद, समोर त्याहून कमी, मागे सगळ्यात अरुंद.

शाईत घेताना हे कंपासने होत नाही. कागद फिरवत चार ओढीत घ्या. जोड समोरच्या आणि मागच्या सपाट भागात येऊ द्या; दोन टोकांना वळण इतकं तीव्र असतं की तिथला जोड लपत नाही.

फाइनलायनरचा कंपास चालतो. पिगमेंट शाईचा ०.३ घ्या. मात्र त्याचा काळा ड्रॉइंग इंकइतका गडद नसतो आणि खोडरबरने आणखी फिका होतो. वर जी-निबने जाडी देणारच असाल तर तो फरक झाकला जातो.

---

आडवी_उभी

हॅचिंगचं उत्तर वरच्या पिक्सेलच्या हिशेबातच आहे. अर्ध्या मिलिमीटरवर एक याप्रमाणे रेघा ओढल्या, तर मोबाइलवर प्रत्येक रेघेला अडीच पिक्सेल मिळतात. त्यात रेघ आणि मधला पांढरा भाग दोन्ही बसत नाहीत, म्हणून राखाडी, वर लाटांसारखे पट्टे. दोन रेघांच्या मध्यांतलं अंतर ०.८ मिमीच्या खाली नेऊ नका. जास्त गडद हवं असेल तर रेघा जवळ आणण्यापेक्षा जाड करा, किंवा दुसरा थर द्या.

दुसरा थर काटकोनात दिला तर चाळणी दिसते, नजर तिथेच अडकते. पहिल्या थराशी ३० अंशांच्या आसपास ठेवा. तीन छटा पुरतात: एक थर, दोन थर, पूर्ण काळा. या मालिकेच्या पानांवर सावली स्क्रीनटोनच्या (तयार छापील छटेच्या) ठिपक्यांपेक्षा रेघांनी भरलेली दिसते, जुन्या कोरीव छापचित्रांसारखी, आणि चौकटींच्या कडाही वेलबुट्टीने सजवलेल्या असतात. पण तिथे सगळीकडे रेघा नाहीत. चेहरे आणि हात जवळपास कोरे सोडलेले असतात. पहिल्या खंडाचं एखादं पान डोळे बारीक करून बघा. पांढऱ्याचे मोठे तुकडे कुठे ठेवलेत ते कळेल. तुमच्या पहिल्या चौकटीत कोकोचा चेहरा, हात आणि सीलचा कागद या तीनच जागा कोऱ्या सोडा, बाकी खोली एक-दोन थरांत बुडवा. नजर आपोआप सीलवर जाते.

टोकदार टोपी म्हणजे शंकू. तिच्यावर टोकापासून खाली सरळ रेघा ओढल्या तर सपाट त्रिकोण दिसतो. काठाच्या लंबवर्तुळाला समांतर, वाकड्या रेघा घ्या. टोपी जिथे दुमडते तिथे वाक बदला. झग्याच्या चुणीत रेघ घडीच्या खोलीतून सुरू करून उजेडाकडे सोडा, सुटताना दाब काढा. सुरुवात जाड, शेवट केसासारखा. मारू निबने हा उतार छान येतो.

तिसऱ्या चौकटीतलं पाणी रेघांनी भरू नका. पाणी पांढरं, त्यामागची भिंत पूर्ण काळी. उसळीच्या दिशेने काळ्यात टोकदार पांढऱ्या जिभा ठेवा, थेंब शेवटी पांढऱ्या गुआशने (अपारदर्शक जलरंगाने). किफ्रीला दारात उजेडाविरुद्ध उभा करा: झगा काळा, टोपीची कड पांढरी, आणि चष्म्याची एक काच काळी. लहान आकारातही तो चटकन ओळखू येतो.

फोटो काढू नका. मोबाइलची लेन्स कडेला वर्तुळ ताणते, इतक्या मेहनतीने काढलेलं सील अंड्यासारखं येतं. फ्लॅटबेड स्कॅनर वापरा. झेरॉक्सच्या दुकानात बहुधा २०० डीपीआयची पीडीएफ हातात देतात. आधीच सांगा: ग्रेस्केल, ६०० डीपीआय, टिफ किंवा पीएनजी. ए-४ पान ४९६० बाय ७०१६ पिक्सेलचं येईल. त्याच आकारात फोटो एडिटरमधल्या लेव्हल्सने काळा आणि पांढरा ओढून घ्या, पेन्सिलीचा उरलेला धूसरपणा तिथेच जातो. मग एका झटक्यात लहान करा, बायक्युबिक पद्धतीने. आधी लहान करून मग काळं-पांढरं केलं तर बारीक रेघा तुटतात. सीलचा क्लोज-अप मूळ फाइलमधून कापून वेगळं चित्र म्हणून टाका, लोकांना तेच बघायचं असतं.

---

अक्षरजुळणी

मराठी संवादाबद्दल. जपानी संवाद उभा, उजवीकडून डावीकडे वाचतात, म्हणून मांगातले फुगे उंच आणि अरुंद असतात. तो आकार जसाच्या तसा उचलला तर देवनागरीच्या ओळीत एकच शब्द बसतो. तुमचे फुगे आडवे हवेत, रुंदी उंचीच्या दीडपट. आणि मराठी डावीकडून वाचलं जाणार, म्हणून पहिली चौकट वर डावीकडे. जपानी पान समोर ठेवून मांडणी उतरवली तर संवादांचा क्रम उलटा होतो. फुगे आधी, पात्रं नंतर. पेन्सिलीच्या टप्प्यातच पूर्ण वाक्य लिहून बघा, जागा पुरली नाही तर वाक्य छोटं करा, अक्षर नाही.

अक्षराची उंची शिरोरेषेपासून खालपर्यंत ४ मिमी तरी हवी, मोबाइलवर ती वीस पिक्सेल होते. त्याखाली 'ध' आणि 'घ', 'भ' आणि 'म' यांतला फरक पुसला जातो. इंग्रजी कॉमिकपेक्षा ओळींमध्ये अंतर जास्त लागतं, कारण वरच्या ओळीचा उकार आणि खालच्या ओळीची वेलांटी एकाच जागेवर हक्क सांगतात. ओळ ते ओळ ७ मिमी धरा. एका ओळीत दोन-तीन शब्द, फुग्यात जास्तीत जास्त चार ओळी. शब्द मध्येच तोडून जोडरेघ देऊ नका, शिरोरेषा तुटली की वाचणारा अडखळतो. 'कोको', 'म्हणाली' असे शब्द सुटे ठेवा, पण 'सीलचं' सारखा प्रत्यय लागलेला शब्द कधीही फोडू नका.

हाताने लिहायचं असेल तर निब बोथट टोकाची हवी, जी-निबने आडव्या आणि उभ्या रेघांची जाडी वेगळी पडते आणि अक्षर नाचतं. ०.५चा फाइनलायनर सगळ्यात सोपा. शिरोरेषा शेवटी, पट्टी न लावता. स्कॅननंतर फॉन्ट टाकणार असाल तर 'कलम' हस्ताक्षरासारखा आहे आणि संवादाला शोभतो. 'बालू' जाडजूड आहे, पाणी उसळतानाच्या 'फस्स्स'ला तो घ्या, संवादाला नको. दोन्ही मोफत मिळतात.

चौकटींमधली जागा सारखी ठेवू नका. वर-खाली असलेल्या चौकटींमध्ये ६ ते ८ मिमी, शेजारच्यांमध्ये ३ मिमी. अरुंद फट ओलांडून नजर आधी शेजारी जाते, रुंद फटीनंतर खाली उतरते. बाण काढून क्रम दाखवायची वेळ येत नाही.

---

तिरकी_रेघ

दुसऱ्या चौकटीतलं सील आणि तिसऱ्यातलं सील हुबेहूब सारखं हवं. ट्रेस कसं करू, लाइटबॉक्स (खालून उजेड देणारी पेटी) नाही. आणि पेन्सिल कधी खोडायची?

---

शाईची_दौत

२०० जीएसएमच्या वरच्या शीटमधून लाइटबॉक्सचाही उजेड नीट येत नाही, त्यामुळे अडलं असं समजू नका. ट्रेसिंग पेपरवर सील एकदा एचबी पेन्सिलीने पूर्ण काढा. मागच्या बाजूला २बीची पेन्सिल आडवी घासून थर द्या, कापसाने जरा पुसा म्हणजे जादा पूड पानावर सांडणार नाही. मग पानावर ठेवून, दोन कोपरे टेपने पक्के करून, २एचने वरून गिरवा. बाहेरचं वर्तुळ गिरवू नका, फक्त केंद्र आणि खुणांच्या जागा उतरवा. वर्तुळ प्रत्येक वेळी कंपासनेच. गिरवलेलं वर्तुळ कंपासच्या रेघेशी कधीच पूर्ण जुळत नाही आणि दोन्ही खोडत बसावं लागतं. तिसऱ्या चौकटीत आकार लहान असेल तर ट्रेसिंगचा उपयोग नाही, त्रिज्येच्या प्रमाणात पुन्हा आखा.

खोडायचं सगळ्यात शेवटी. बारीक रेघ काही मिनिटांत वाळते, पण किफ्रीचा झगा आणि तिसऱ्या चौकटीतली भिंत यांसारखा भरलेला काळा वरून कोरडा दिसला तरी खाली ओला असतो. रात्रभर ठेवा, पावसाळ्यात पंख्याखाली. खोडताना मळून मऊ होणारा खोडरबर घ्या आणि दाबून उचला. घासला तर भरलेल्या काळ्यावर राखाडी चमक येते. पांढरा गुआश त्याच्यानंतर, पातळ दह्याइतका दाट. खोडण्याआधी लावला तर रबर फिरताना पांढरा सुटून येतो. आणि लावलेल्या पांढऱ्यावर पुन्हा काळी रेघ ओढायची असेल तर तो पूर्ण वाळल्यावर मारू निबने नको, टोक त्याच्यात रुतून चोंदतं. तिथे फाइनलायनर वापरा.